अर्ज फेटाळला, पण काहून? सरकारी निर्णयातल्या कारणांविषयी वारंवार विचारले जाणारे प्रश्न

महसूल खात्यातून अव्वल कारकून म्हणून निवृत्त झालो त्याला आता काही वर्षं झाली. नागपुरात सिव्हिल लाइन्सला सकाळी अकरापासून बसतो, लोकांचे अर्ज आणि अपिलं लिहून देतो. रोज तेच ते प्रश्न येतात, म्हणून त्यांची उत्तरं एकदा इथे लिहून ठेवतोय. आधी एक कबुली. "नियमात बसत नसल्याने नामंजूर" हे वाक्य नोकरीत मी स्वतः कितीदा टाइप केलंय त्याचा हिशोब नाही. साहेबांनी नस्तीवर, म्हणजे फाइलीवर, "ना." एवढंच लिहिलेलं असायचं, बाकीचं वाक्य आमचं.

निर्णयाचं कारण दिलंच पाहिजे, असं कुठे लिहिलंय?

एकाच ठिकाणी नाही. सगळ्या कार्यालयांनी निर्णय कसे घ्यावेत हे सांगणारा एकच सर्वसमावेशक कायदा आपल्या देशात नाही. म्हणून हे बंधन तीन ठिकाणांहून गोळा करावं लागतं.

पहिलं ठिकाण म्हणजे ज्या कायद्याखाली तुमचा अर्ज आहे, तो कायदा. पासपोर्ट कायदा, शस्त्र कायदा, लोकसेवा हक्क कायदा अशा पुष्कळ कायद्यांत "कारणे लेखी नमूद करून" असे शब्द आहेत. दुसरं, माहितीचा अधिकार अधिनियम २००५, कलम ४(१)(घ). प्रशासकीय किंवा न्यायिकवत (कोर्टासारखा निवाडा करणाऱ्या) निर्णयाची कारणं बाधित व्यक्तीला द्यायची, असं ते सांगतं. तिसरं, नैसर्गिक न्याय, म्हणजे ऐकून घेऊन, निःपक्षपातीपणे निर्णय द्यायचा हे तत्त्व. एस. एन. मुखर्जी प्रकरणात १९९० मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींनी सांगितलं की न्यायिकवत काम करणाऱ्या प्रशासकीय अधिकाऱ्याने कारणं नोंदवलीच पाहिजेत. कायद्यानेच स्पष्टपणे किंवा अपरिहार्य अर्थाने सूट दिली असेल तर गोष्ट वेगळी.

गंमत अशी की खुद्द मुखर्जी यांना या निकालाचा फायदा झाला नाही. प्रकरण लष्करी न्यायालयाचं होतं आणि लष्करी कायद्यात ती सूट निघाली. तत्त्व मात्र पक्कं झालं, ते आजवर टिकून आहे.

"नियमात बसत नाही" हे कारण नाही का?

नाही. तो निष्कर्ष आहे. कोणता नियम, त्यातली कोणती अट आणि तुमच्या कागदांत ती कशी पूर्ण होत नाही, हे तिन्ही आलं तर त्याला कारण म्हणायचं.

गेल्या पावसाळ्यात एक मावशी आल्या होत्या. जिल्ह्यातल्याच एका तालुक्यातल्या. साडीच्या दुकानाची पिशवी, तीत सातबारा, लॅमिनेट केलेला नवऱ्याचा मृत्यू दाखला आणि चार घड्या घातलेलं एक पत्र. वारसनोंदीच्या अर्जाला उत्तर आलं होतं: "उपरोक्त विषयान्वये आपणांस कळविण्यात येते की, आपला अर्ज नियमात बसत नसल्याने नामंजूर करण्यात येत आहे." खाली तिरका उमटलेला शिक्का. मावशी म्हणाल्या, "भाऊ, नियमात मी बसत नाही का माही जमीन बसत नाही, ते तरी सांगाले पायजे होतं ना जी."

आम्ही नस्ती बघायला मागितली. टिपणीच्या तीन नोंदी होत्या. पहिली: वारसांच्या प्रतिज्ञापत्रात एका मुलीचं नाव दिसत नाही. दुसरी: त्रुटीबाबत अर्जदारास कळवावे. तिसरी थेट नामंजुरीची. मधलं पत्र निघालंच नव्हतं. थोरली मुलगी पांढुर्ण्याला दिलेली, तिचं नाव लिहिणाऱ्याच्या हातून राहून गेलं होतं. एक नवं प्रतिज्ञापत्र, बास, एवढंच काम होतं. पण ते कळायला आठ महिने लागले आणि तेवढ्यात सातबाऱ्यावर नाव नाही म्हणून पीककर्जाचा हंगामही गेला.

कार्यालयाकडे कारण होतं. नस्तीत ते स्वच्छ अक्षरात लिहिलेलंही होतं. ते फक्त मावशींपर्यंत गेलं नाही. माझ्या टेबलावर येणाऱ्या निम्म्या भानगडी याच जातीच्या असतात.

कारण किती लांबलचक असावं?

पानं मोजू नका. चार ओळींतही भागतं. तुमचा मुद्दा काय होता, तो का मान्य झाला नाही आणि त्याला आधार कशाचा, एवढं कळलं पाहिजे. वरिष्ठ अधिकारी खालचा निकाल कायम करत असेल तर आणखी थोडक्यात चालतं, पण अपिलातल्या मुद्द्यांना हात न लावता "खालील आदेश योग्य वाटतो" एवढंच लिहिणं चालत नाही. क्रांती असोसिएट्स प्रकरणात २०१० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने या विषयावरचा सगळा कायदा मुद्देवार मांडला. त्यात बजावलं की कारणांचा आव आणणं किंवा रबरी शिक्क्यासारखी ठरावीक कारणं देणं म्हणजे कारण देणं नव्हे.

आदेशात "शासनाच्या निर्देशानुसार" एवढंच कारण दिलंय. चालतं?

बहुतेक वेळा नाही. आणि हे पहिल्यांदा ठणकावून सांगणाऱ्यांत आपल्या नागपूरचा माणूस आहे.

न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस. सिव्हिल लाइन्समधल्या ज्या इमारतीत आज मुंबई उच्च न्यायालयाचं नागपूर खंडपीठ बसतं, तिथे पूर्वी नागपूर उच्च न्यायालय होतं. बोस तिथले मुख्य न्यायमूर्ती होते आणि १९५१ मध्ये सर्वोच्च न्यायालयात गेले. त्याच वर्षी गोरधनदास भानजी यांचं प्रकरण त्यांच्यापुढे आलं. अंधेरीत सिनेमागृह बांधायला मुंबईच्या पोलीस आयुक्तांनी परवानगी दिली होती. पुढे १९४७ मध्येच त्यांनी कळवलं की शासनाच्या निर्देशावरून ती परवानगी रद्द करण्यात येत आहे. प्रकरण कोर्टात गेल्यावर आयुक्त म्हणाले, तो निर्णय माझाच होता.

बोस यांनी ते मानलं नाही. आदेश जसा लिहिलाय तसाच वाचायचा. अधिकाऱ्याच्या मनात काय होतं, हे त्याने नंतर येऊन सांगायचं नाही. आदेश शासनाचा दिसतोय, आणि नियमाने हा अधिकार तर आयुक्तांना होता. मग आयुक्तांनी स्वतः विचार केला कुठे? ती रद्दबातली टिकली नाही.

म्हणून "वरून आदेश आहे" असं कुणी म्हणालं की दोन गोष्टी विचारा. निर्णय घ्यायचा अधिकार कायद्याने कुणाला दिलाय? आणि त्या माणसाने स्वतः डोकं चालवल्याची खूण आदेशात दिसते का? धोरणाचा शासन निर्णय ही वेगळी गोष्ट. तो पाळावाच लागतो, पण मग त्याचा क्रमांक आणि तारीख आदेशात यायला हवी.

आदेशात कारण नव्हतं. अपिलात साहेबांनी नवीनच कारण काढलं. हे बरोबर आहे का?

नाही. मोहिंदर सिंग गिल प्रकरणात, ते फिरोजपूरच्या लोकसभा निवडणुकीचं होतं, सर्वोच्च न्यायालयाने बोस यांचाच धागा पुढे नेला. आदेश टिकतो की नाही, ते त्यात लिहिलेल्या कारणांवरून ठरवायचं. मागाहून प्रतिज्ञापत्र करून नवी कारणं चिकटवता येणार नाहीत.

पण एक खाच आहे. निर्णयाच्या वेळी नस्तीत कारण नोंदवलेलं होतं आणि पत्रात फक्त ते उतरवलं नाही, असं असेल तर कोर्ट नस्ती मागवून ते कारण बघू शकतं. म्हणून आधी नस्ती बघा, मग भांडा. कोर्टाला नस्तीत काय दिसणार आहे ते आपल्याला अगोदर ठाऊक असलेलं बरं.

माहिती अधिकारात "माझा अर्ज का फेटाळला?" असं विचारलं तर "ही माहिती नाही" असं उत्तर आलं. आता?

इथे लोक हमखास फसतात. मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठाने २००८ मध्ये सांगितलं की "का" या प्रश्नाचं उत्तर माहितीच्या व्याख्येत येत नाही. जे कागदावर आहे ते द्यायचं, माहिती अधिकाऱ्याने नव्याने कारण रचून द्यायचं नाही. त्यामुळे "का" असा प्रश्न टाकला की अर्ज परत आलाच म्हणून समजा.

तोच प्रश्न कागदाच्या भाषेत विचारा:

"माझा दिनांक अमुकचा अर्ज, आवक क्रमांक तमुक, यावरील संपूर्ण टिपणी व पत्रव्यवहाराच्या साक्षांकित प्रती द्याव्यात. सदर नस्तीचे अवलोकन करू द्यावे. कलम ४(१)(घ) नुसार, बाधित व्यक्ती म्हणून, सदर निर्णयाची नोंदवलेली कारणे द्यावीत. कारणे नोंदवलेली नसल्यास तसे लेखी कळवावे."

शेवटच्या वाक्यात खरी मेख आहे. "कारणे नोंदवलेली नाहीत" असं उत्तर सही-शिक्क्यानिशी आलं, तर अपिलात पहिल्या पानावर लावायला तुम्हाला तेच पुरेसं आहे.

महाराष्ट्रात या अर्जाचं शुल्क १० रुपये. दारिद्र्यरेषेखालच्यांना ते माफ आहे. एक विषय आणि १५० शब्दांची मर्यादा आहे, तेव्हा आपल्या घराण्याचा इतिहास लिहीत बसू नका. उत्तर ३० दिवसांत यायला हवं. नाकारलं तर नाकारण्याचंही कारण, अपिलाची मुदत आणि अपिलीय अधिकारी कोण हे कलम ७(८) खाली कळवावंच लागतं. पहिलं अपील ३० दिवसांत, दुसरं राज्य माहिती आयोगाकडे ९० दिवसांत. आयोगाचं खंडपीठ नागपुरातच आहे. मात्र तिथे तारीख लागायला वेळ जातो, म्हणून मूळ निर्णयाविरुद्धचं अपील माहितीची वाट बघत लटकवून ठेवू नका. मुदत चुकेल.

दाखल्याचा अर्ज ऑनलाइन नामंजूर झाला, शेरा एका शब्दाचा: "त्रुटी".

अधिसूचित सेवा असेल, म्हणजे उत्पन्नाचा, जातीचा, रहिवासाचा दाखला वगैरे, तर महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम २०१५ लागतो. पदनिर्देशित अधिकाऱ्याने ठरलेल्या मुदतीत सेवा द्यायची, नाहीतर कारणं लेखी नोंदवून अर्ज फेटाळायचा आणि अपील कुणाकडे, किती दिवसांत, तेही कळवायचं. पहिलं अपील ३० दिवसांत, दुसरं ३० दिवसांत, तिसरं लोकसेवा हक्क आयोगाकडे ६० दिवसांत. पुरेसं कारण नसताना कसूर झाली तर ५०० ते ५,००० रुपयांपर्यंत शास्ती, म्हणजे दंड, बसू शकते. रक्कम किरकोळ वाटेल, पण ती भरावी लागते अधिकाऱ्याला, आणि शास्तीचा शब्द उच्चारला की "त्रुटी" कोणती ते लवकर आठवतं, हा माझा अनुभव.

घाई असेल तर आधी सेतू केंद्रावाल्यालाच विचारा. पुष्कळदा स्कॅन केलेलं रेशनकार्ड आडवं चढलेलं असतं, दुसरं काही नसतं.

मंडळ अधिकाऱ्याने फेरफार रद्द केला. कारणाच्या जागी "हरकत आली" एवढंच.

हरकत आली म्हणजे फेरफार (जमिनीच्या नोंदीतला बदल) आपोआप बुडत नाही. हरकत विवादग्रस्त प्रकरणांच्या नोंदवहीत घ्यायची, दोन्ही बाजू ऐकायच्या आणि मग निर्णय द्यायचा, असा महाराष्ट्र जमीन महसूल संहितेचा क्रम आहे. तुमची बाजू ऐकली का आणि हरकत का मानली, हे आदेशात दिसलं पाहिजे. अपील उपविभागीय अधिकाऱ्याकडे ६० दिवसांत. नक्कल काढायचा अर्ज त्याच दिवशी टाका आणि त्याची पोच जपून ठेवा.

जात पडताळणी समितीने दावा अमान्य केला. अपील कुठे?

अपील नाहीच. समितीचा निर्णय अंतिम असतो, त्याला फक्त उच्च न्यायालयात रिट याचिका करून आव्हान देता येतं. नागपूर खंडपीठापुढे अशा याचिका सतत असतात. म्हणूनच इथे कारणांना सोन्याचं मोल आहे. आजोबांचा शाळेचा दाखला जोडला होता, तो समितीने विचारात घेतला का? नाकारला तर कशावरून? रक्ताच्या नात्यातल्या कुणाला वैधता मिळालीय, तिचं काय? दक्षता पथकाचा अहवाल विरोधात असेल तर त्याची प्रत देऊन खुलासा मागवला होता का, आणि तो खुलासा आदेशात चर्चेला आला की नुसता "समाधानकारक नाही" म्हणून बाजूला सारला? असल्या आदेशाची प्रत घेऊन कुणी आलं की मी स्वतः काही लिहीत नाही, सरळ वकिलाकडे पाठवतो. पण वरचे प्रश्न एका कागदावर उतरवून देतो.

पोरावर तडीपारीची नोटीस आली. त्यातही कारण लागतं?

तिथे तर जास्तच. माणसाला त्याच्या घरातून, गावातून काढणं आहे ते. महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या कलम ५६ खाली हद्दपार करण्याआधी द्यायच्या नोटिशीत आरोपांचं साधारण स्वरूप सांगावं लागतं आणि खुलाशाची संधी द्यावी लागते. जास्तीत जास्त दोन वर्षं हद्दपार करता येतं. जालन्याच्या एका प्रकरणात २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने असा आदेश रद्द केला. पूर्ण दोन वर्षंच का, याचा विचार केल्याचं आदेशात कुठेही दिसत नव्हतं. साक्षीदार भीतीपोटी पुढे येत नाहीत, हेही अधिकाऱ्याने स्वतः पडताळून लिहावं लागतं. राज्य शासनाकडे अपील ३० दिवसांत.

"प्रशासकीय कारणास्तव" मुदतीआधी बदली. हे कारण आहे?

राज्य सरकारी कर्मचाऱ्यांसाठी २००५ चा बदल्यांचा कायदा आहे. मुदतपूर्व बदलीला लेखी नोंदवलेलं विशेष कारण आणि वरिष्ठ प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता लागते. बदलीच्या आदेशात ते सविस्तर नसलं तरी नस्तीत असावं लागतं. दाद महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या नागपूर खंडपीठात.

साहेबांनी तोंडी सांगितलं, "होत नाही." लेखी काहीच नाही.

मग निर्णय झालेला नाही असं धरा. त्याच दिवशी एक साधं पत्र आवकेत द्या: "आज आपल्या कार्यालयात मला तोंडी सांगण्यात आले की अर्ज मंजूर होणार नाही. कृपया निर्णय कारणांसह लेखी कळवावा." दुसऱ्या प्रतीवर पोच घ्या. पोच देत नसतील तर टपालाने, नोंदणी करून पाठवा. या तीन ओळींनी जेवढी कामं झालेली मी पाहिलीत, तेवढी दहा चकरांनी झालेली नाहीत.

उत्तरच येत नाही. मौनालाही कारण मागता येतं?

मागता येतं. बदल्यांच्याच २००५ च्या कायद्यात दप्तर दिरंगाईचा भाग आहे. साधारणपणे कुठलीही नस्ती एका टेबलावर सात कामकाजाच्या दिवसांपेक्षा जास्त थांबू नये, असं तो सांगतो. माहिती अधिकारात "माझ्या अर्जाचा टेबलवार प्रवास, तारखांसह" मागा. मग जिल्हाधिकारी कार्यालयातल्या लोकशाही दिनात, महिन्याच्या पहिल्या सोमवारी, तो कागद घेऊन जा. डिसेंबरात हिवाळी अधिवेशन असलं की मात्र धीर धरा. त्या दिवसांत अर्धं कार्यालय विधानभवनाच्या प्रश्नांची उत्तरं लिहीत असतं, आणि हे बहाणा म्हणून सांगत नाही.

कारण द्यावंच लागत नाही, असंही काही आहे का?

आहे. मुलाखतीत एकालाच का निवडलं, हे निवड समितीने प्रत्येक उमेदवाराला समजावून सांगावं असं बंधन साधारणतः नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९९० च्या दशकातच ते स्पष्ट केलंय. पासपोर्टच्या बाबतीत देशाच्या सुरक्षिततेसारखी बाब असेल तर कारणं नोंदवतात, पण तुम्हाला देत नाहीत. तिथे नोंदवण्यातून सूट नसते, कळवण्यातून असते. हा फरक लक्षात ठेवा.

कारण दिलं नाही म्हणून आदेश रद्द झाला, तर मला हवं ते मिळालं ना?

नाही हो. लोकांना इथेच सगळ्यात मोठा धक्का बसतो. बहुतेक वेळा प्रकरण फेरनिर्णयासाठी त्याच कार्यालयाकडे परत जातं. तोच अधिकारी या वेळी दीड पान लिहून पुन्हा नकार देऊ शकतो. तरी मी म्हणतो, ते दीड पान पदरात पाडून घ्या. एका ओळीच्या नकाराशी भांडता येत नाही, दीड पानाशी येतं. त्यातला एखादा मुद्दा चुकीच्या नियमावर उभा असतो, एखादा तुम्ही आणून देऊ शकाल अशा कागदावर. आणि कधी कधी लिहिता लिहिता अधिकाऱ्यालाच कळतं की नकाराला आधार नाही. असं होताना मी टेबलाच्या त्या बाजूने दोनदा पाहिलंय. साहेबांनी पेन ठेवलं, नस्ती परत उघडली आणि म्हणाले, "अरे, हे तर देता येतं की."

मग थेट हायकोर्टात गेलेलं काय वाईट?

अपिलाची वाट असेल तर कोर्ट आधी तिकडे पाठवतं. नैसर्गिक न्यायाचा उघड भंग हा त्याला अपवाद आहे, पण त्यावर विसंबून खर्चात पडू नका. पहिल्या अपिलाला वकीलही लागत नाही.

अपिलात कारणांचा मुद्दा कसा लिहायचा?

पहिल्या परिच्छेदात, भावना बाजूला ठेवून. नमुना असा:

"आक्षेपित आदेशात अर्ज नामंजूर करताना कोणताही नियम, अट वा पुरावा नमूद केलेला नाही. मी अर्जासोबत जोडलेल्या अनुक्रमांक १ ते ४ च्या कागदपत्रांचा आदेशात उल्लेखही नाही. त्रुटी असल्यास ती पूर्ण करण्याची संधी मला देण्यात आलेली नाही. सबब आदेश रद्द करून, मला ऐकून घेऊन, सकारण आदेश पारित व्हावा. अथवा अपिलीय प्राधिकाऱ्यांनी स्वतः गुणवत्तेवर निर्णय द्यावा."

शेवटचा "अथवा" गाळू नका. नाहीतर नस्ती पुन्हा त्याच टेबलावर जाऊन बसते. आणि मृत्यू दाखला कृपा करून लॅमिनेट करू नका. साक्षांकनाचा शिक्का प्लास्टिकवर उमटत नाही, आणि मग नवीन त्रुटी निघते.